मनोराज्याचा प्रवासखर्च

नोकरदार माणसाच्या दिवसात एक घटका अशी असते की, जिची नोंद कोणत्याही हजेरीपुस्तकात होत नाही. डबा खाऊन झालेला असतो, समोर फाईल उघडलेली असते, हातात पेन असते आणि मन मात्र लडाखच्या पठारावर नाहीतर नॉर्वेच्या किनाऱ्यावर जाऊन पोचलेले असते. पूर्वी ह्या प्रवासाला भिंतीवरच्या दिनदर्शिकेचे निमित्त पुरत असे. एखाद्या बँकेने वा विमा कंपनीने भेट दिलेल्या त्या दिनदर्शिकेत स्वित्झर्लंडचे निळे सरोवर महिनाभर कारकुनाच्या डोक्यावर तरंगत राही. आता भिंतीची गरज उरलेली नाही. सकाळच्या गाडीत एका हाताने कडी धरून उभा असलेला माणूस दुसऱ्या हातातील मोबाईलवर हिमनद्या, वाळवंटे आणि प्रवाळबेटे पाहत असतो. साधन बदलले; मनाची धाव बदललेली नाही.

ह्या सवयीला मराठीने फारसा मान दिलेला नाही. मनोराज्य, मनातले मांडे, शेखचिल्लीपणा हे सगळे शब्द थोडेसे हिणवणारेच आहेत. शाळेत खिडकीबाहेर पाहणाऱ्या मुलाला आपण भानावर आणतो आणि तोच मुलगा पुढे कचेरीत चिकटला की, त्याने खिडकीबाहेर पाहू नये अशी अपेक्षा ठेवतो. अर्थशास्त्राची पाठ्यपुस्तकेही ह्या बाबतीत समाजाइतकीच कठोर आहेत. मनोराज्याला किंमत पडत नाही, म्हणून ते राष्ट्रीय उत्पन्नात धरले जात नाही. त्याच्या पाठीशी क्रयशक्ती नसते, म्हणून ते मागणीच्या व्याख्येतही बसत नाही. नुसती इच्छा म्हणजे मागणी नव्हे, हे वाक्य ह्या विषयाचा प्रत्येक अध्यापक दर जून महिन्यात फळ्यावर लिहितो. ते खरेही आहे. परंतु लाखो माणसे रोज त्याच वेळी तीच इच्छा करीत असतील, तर ती इच्छा बाजारात उतरली नाही म्हणून तिच्याकडे दुर्लक्ष करावे काय, हा प्रश्न शिल्लक राहतोच. प्रस्तुत लेखाचा विषय तोच आहे.

रुळांवरची पृथ्वीप्रदक्षिणा

दूरच्या प्रवासाची ओढ ही एकाच जागी खिळलेल्या माणसाला लागते, अशी सर्वसाधारण समजूत आहे. मुंबईपुरता थोडा हिशेब मांडला तर ती समजूत टिकत नाही. विरार ते चर्चगेट हे अंतर ६० किलोमीटर. विरारला राहून चर्चगेटला नोकरी करणारा माणूस दिवसाला १२० किलोमीटर प्रवास करतो. वर्षाकाठी कामाचे दिवस २८० धरले, तर हा प्रवास ३३,६०० किलोमीटर होतो. विषुववृत्तावरून पृथ्वीचा परीघ सुमारे ४०,००० किलोमीटर आहे. म्हणजे साधारण चौदा महिन्यांत हा गृहस्थ एक पृथ्वीप्रदक्षिणा पुरी करतो. तीस वर्षांच्या नोकरीत त्याच्या नावावर दहा लाखांहून अधिक किलोमीटर जमा होतात. चंद्र आपल्यापासून सरासरी ३,८४,४०० किलोमीटरांवर आहे. निवृत्तीच्या दिवशी हा माणूस चंद्रावर जाऊन, परत येऊन, पुन्हा चंद्राची अर्ध्याहून अधिक वाट चाललेला असतो. मात्र त्याच्या संग्रही ह्या महाप्रवासाचे एकही छायाचित्र नसते.

आता वेळ पाहू. जाण्यायेण्याचे आणि फलाटावर ताटकळण्याचे मिळून दिवसाला तीन तास धरले, तर वर्षाचे ८४० तास होतात. अहोरात्र मोजल्यास ते पस्तीस दिवस, आणि आठ तासांचा एक दिवस ह्या हिशेबाने मोजल्यास कामाचे एकशे पाच दिवस. तीस वर्षांत जवळजवळ तीन संपूर्ण वर्षे गाडीत आणि फलाटावर जातात. ह्या वेळेचा पगार मिळत नाही आणि तिला विश्रांतीही म्हणता येत नाही. गर्दीच्या वेळी एका चौरस मीटरमध्ये चौदा ते सोळा माणसे उभी असल्याचा हिशेब मुंबईच्या उपनगरी वाहतुकीविषयी दिला जातो. १८५३ साली १६ एप्रिल रोजी बोरीबंदरहून ठाण्याकडे पहिली गाडी निघाली, तेव्हा तिच्यात बसणे हा एक सोहळा होता. आज सत्तर लाखांच्या आसपास माणसे रोज त्या सोहळ्याचे वारसदार आहेत.

तेव्हा शहरातील माणूस बसून कंटाळलेला नाही. तो प्रवासानेच दमलेला आहे आणि तरीही स्वप्न प्रवासाचेच पाहतो, ही ह्या प्रकरणातील विसंगती आहे. तिचा उलगडा एकाच रीतीने होतो. त्याच्या रोजच्या प्रवासाची वेळ दुसऱ्याने ठरविलेली असते, उतरण्याचे ठिकाण दुसऱ्याने ठरविलेले असते आणि उशीर झाला तर हिशेबही दुसऱ्यालाच द्यावा लागतो. मनोराज्यातील प्रवासात ह्या तिन्ही गोष्टी त्याच्या स्वतःच्या हाती असतात. गाडी कितीला सुटावी, कोठे थांबावी, केव्हा परतावे किंवा परतावे की नाही, हे तो ठरवितो. दूरच्या प्रदेशाची ओढ म्हणून आपण जिला ओळखतो, ती बव्हंशी आपल्या वेळेवर आपली मालकी असावी ह्या इच्छेचीच एक पोषाखी आवृत्ती आहे. बर्फ, समुद्र आणि डोंगर हे त्या पोषाखाचे रंग.

रजेचा जन्म

मौजेखातर प्रवास करावा ही कल्पना मानवजातीच्या इतिहासात बरीच अलीकडची आहे. पूर्वी माणसे दूर जात ती यात्रेसाठी, व्यापारासाठी, युद्धासाठी किंवा पोटासाठी. पेण तालुक्यातील वरसईचे विष्णुभट गोडसे १८५७ साली उत्तर हिंदुस्थानाकडे निघाले, ते देश पाहण्याच्या हौसेने नव्हे. घरची ओढग्रस्त होती आणि बायजाबाई शिंदे मोठा यज्ञ करणार, तेथे दक्षिणा मिळेल, अशी बातमी आली होती. दक्षिणा राहिली बाजूला आणि भटजी नेमके बंडाच्या वणव्यात सापडले. झाशीचा वेढा त्यांनी आतून पाहिला, अनेकदा लुटले गेले आणि जीव बचावून घरी परतले. पुढे लिहिलेला त्यांचा 'माझा प्रवास' १९०७ साली प्रसिद्ध झाला. मराठीतील ह्या अव्वल प्रवासवृत्ताच्या मुळाशी कर्ज आहे, हे लक्षात ठेवण्याजोगे आहे. वेड्यासारखे दूर जावेसे वाटणे ही चैन त्या पिढीला परवडणारी नव्हती.

ती चैन जन्माला आली औद्योगिक क्रांतीबरोबर. यंत्राने माणसाच्या कामाचे तास घड्याळाला बांधले. त्यामुळे कामाबाहेरचे तास असे वेगळे काही प्रथमच दिसू लागले. इंग्लंडात थॉमस कुक ह्या गृहस्थाने १८४१ च्या जुलै महिन्यात मद्यपाननिषेधाच्या सभेसाठी सुमारे पाचशे माणसांना लेस्टरहून लफबरोला खास आगगाडीने नेले आणि दरडोई एक शिलिंग घेतला. पर्यटनव्यवसायाचा आरंभ बहुधा ह्या घटनेपासून सांगितला जातो. परंतु गाडी असून भागत नाही; गाडीत बसायला सवड लागते आणि सवडीच्या काळात चूल पेटती राहावी लागते. पगारी रजा हे ह्या कोड्याचे उत्तर होते आणि ते कोणी दयेपोटी दिलेले नाही. फ्रान्समध्ये १९३६ च्या उन्हाळ्यात प्रचंड संप झाले. लेऑं ब्लूम ह्यांच्या आघाडी सरकारने त्याच जून महिन्यात दोन आठवड्यांच्या पगारी रजेचा कायदा केला आणि कामगारांसाठी सवलतीचे रेल्वे तिकीट काढले. त्या वर्षी लाखो कामगार कुटुंबे बाहेर पडली आणि त्यांतील कित्येकांनी आपल्याच देशाचा समुद्र आयुष्यात प्रथमच पाहिला. आंतरराष्ट्रीय श्रमसंघटनेने पगारी रजेविषयीचा पहिला करारही त्याच वर्षी संमत केला. वर्षभराच्या सेवेनंतर किमान सहा दिवस एवढीच त्याची माफक अपेक्षा होती.

आपल्याकडे १९४८ च्या कारखाना कायद्याने वर्षात २४० दिवस भरणाऱ्या कामगाराला दर वीस दिवसांमागे एक दिवस पगारी रजा देऊ केली. केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांसाठी रजा प्रवास सवलत आली ती १९५६ साली. चार वर्षांचा गट, स्वग्राम आणि भारतात कोठेही, ही परिभाषा पुढे सरकारी घरांत पंचांगातील तिथीसारखी पाठ झाली. चाळीत राहणाऱ्या कुटुंबाने म्हैसूर, उटी किंवा काश्मीर पाहिले ते बहुतेक ह्याच सवलतीवर. बिछान्याची वळकटी, फिरकीचा तांब्या, दशम्या आणि लाडवांचा डबा घेऊन निघालेल्या त्या सहलींची चेष्टा विनोदी लेखकांनी पुष्कळ केली आहे. परंतु मनोराज्याला कायद्याने दिलेले ते पहिले तिकीट होते.

वाट पाहण्याचे सुख

ज्यांना जाता येत नव्हते, त्यांच्यासाठी पुस्तके होती. पु. ल. देशपांडे ह्यांची 'अपूर्वाई' १९६० साली पुस्तकरूपाने आली. ती ज्या घरांत वाचली गेली, त्यांपैकी बहुसंख्य घरांतून विलायतेला कोणी जाण्याची शक्यता नव्हती. परकीय चलनाचा दुष्काळ होता. १९७३ च्या परकीय चलन नियमन कायद्याने तर परदेशी जाणे ही सरकारच्या परवानगीची बाब करून ठेवली. खिशात अवघे आठ डॉलर घेऊन विमानात चढल्याची आठवण त्या काळी परदेशी गेलेले अनेक विद्यार्थी आजही सांगतात. तरीही लंडनचे रस्ते आणि पॅरिसची उपाहारगृहे मराठी मध्यमवर्गाला दादर-गिरगावाइतकी ओळखीची झाली. न केलेल्या प्रवासाचाही आनंद मिळतो, ह्याचा हा चांगला पुरावा आहे.

अर्थशास्त्रालाही हा आनंद अगदीच अनोळखी नाही. स्टॅन्ली जेव्हन्स ह्यांनी १८७१ सालच्या आपल्या ग्रंथात, प्रत्यक्ष उपभोगाइतकेच भावी उपभोगाच्या अपेक्षेतही सुख असते आणि माणसाच्या आर्थिक वर्तनात त्याचा वाटा मोठा असतो, असे प्रतिपादन केले होते. पुढे ह्या विचाराकडे बराच काळ दुर्लक्ष झाले. १९८७ साली जॉर्ज लोवेनस्टीन ह्यांनी तो पुन्हा उचलला. आवडत्या नटाचे किंवा नटीचे चुंबन मिळणार असेल, तर ते लगेच मिळावे की काही काळाने, आणि त्यासाठी किती किंमत मोजाल, असा काल्पनिक प्रश्न त्यांनी विद्यार्थ्यांना विचारला. सर्वांत अधिक किंमत मिळाली ती तीन दिवसांनंतरच्या चुंबनाला. मधले तीन दिवस वाट पाहण्याचे सुख लोकांना सोडवत नव्हते. सुख लवकर मिळालेले बरे, हा पाठ्यपुस्तकी नियम येथे उलटा झाला.

हॉलंडमध्ये दीड हजारांवर प्रौढ माणसांची पाहणी करून २०१० साली प्रसिद्ध झालेला एक अभ्यास ह्याच दिशेने बोट दाखवितो. सुट्टीवर जाणारी माणसे निघण्यापूर्वी इतरांहून अधिक आनंदी आढळली. परतल्यानंतर मात्र, अगदी निवांत सुट्टी झालेला एक लहान गट सोडला, तर त्यांच्यात आणि घरी राहिलेल्यांत फरक उरला नव्हता. सहलीचे सुख मुख्यतः सहलीच्या आधीच असते, ही गोष्ट सुट्टीच्या आदल्या आठवड्यातील शाळकरी मुलाला कोणत्याही पाहणीवाचून ठाऊक असते. 'दुरून डोंगर साजरे' ही म्हण आपण नेहमी इशारा म्हणून वापरतो. ती एका हिशेबाची नोंद म्हणूनही वाचता येईल. डोंगर दुरून साजरे दिसतात आणि दुरून पाहायला तिकीट लागत नाही. मग तेवढे सुख पदरात पाडून घेण्यात गैर काय?

स्वप्नाचा बाजार

गैर काही नव्हते, जोवर त्या सुखाला दलाल नव्हता तोवर. १९९१ नंतर चित्र पालटू लागले. परकीय चलनाचा जुना कायदा जाऊन २००० साली नवा कायदा अमलात आला. रिझर्व्ह बँकेने फेब्रुवारी २००४ मध्ये निवासी भारतीयांना वर्षाला २५,००० डॉलरपर्यंत रक्कम बाहेर पाठविण्याची मुभा दिली. ती मर्यादा २०१५ पासून अडीच लाख डॉलर आहे. आठ डॉलरपासून अडीच लाख डॉलरपर्यंतचा हा प्रवास कोणत्याही पृथ्वीप्रदक्षिणेहून लांबचा म्हणावा लागेल. २०२३-२४ ह्या वर्षात ह्या योजनेखाली देशाबाहेर गेलेल्या सुमारे ३,१७० कोटी डॉलरपैकी सुमारे १,७०० कोटी डॉलर निव्वळ प्रवासावर खर्च झाले. शिक्षण, उपचार आणि नातेवाइकांचा निर्वाह ह्या सर्वांवर मिळून तेवढे झाले नाहीत.

ज्यांची ऐपत आहे त्यांनी जावे. त्याबद्दल आकस बाळगण्याचे कारण नाही. परंतु ऐपत नसलेल्यांच्या मनोराज्यावरही आता बाजाराची नजर गेली आहे. आधी प्रवास करा, पैसे मागाहून हप्त्यांनी द्या, ही जाहिरात वरवर उदार दिसते. ती मनातल्या मांड्यांवर व्याज लावते, हे तिचे खरे स्वरूप. वर सांगितलेला हिशेब येथे पुन्हा लावून पाहावा. प्रवासाचे अर्धेअधिक सुख वाट पाहण्यात असेल, तर वर्षभर पैसे साठवून निघालेला माणूस वर्षभर सुखी असतो आणि परतल्यावर कोणाचा देणेकरी नसतो. कर्ज काढून निघालेल्याची वाट पाहण्याची मुदत कापली जाते आणि सुख संपल्यावर हप्ते मात्र चालू राहतात. जुन्या काटकसरी गृहिणीला हे शास्त्र शिकवावे लागले नव्हते.

दुसरी अडचण अधिक मूलभूत आहे. फ्रेड हर्श ह्या अर्थशास्त्रज्ञाने १९७६ साली एक मर्मभेदी मुद्दा मांडला. काही वस्तू अशा असतात की, त्या इतरांजवळ नाहीत ह्यातच त्यांची गोडी असते. गर्दीत एकाने टाचा उंचावल्या तर त्याला पुढचे दिसते. सर्वांनीच उंचावल्या तर कोणालाही अधिक दिसत नाही आणि पाय मात्र सर्वांचे दुखतात. निवांत समुद्रकिनारा ही अशीच वस्तू आहे. तो सर्वांना वाटून देता येत नाही; वाटायला गेले की, निवांतपणा नाहीसा होतो आणि किनारा तेवढा उरतो. व्हेनिस शहराने एप्रिल २०२४ पासून ठरावीक दिवशी, एका दिवसापुरत्या येणाऱ्या प्रवाशांवर पाच युरोंची प्रवेशपट्टी बसविली. त्याच वर्षी मे महिन्यात मद्रास उच्च न्यायालयाच्या आदेशाने उटी आणि कोडाईकनालला जाणाऱ्या वाहनांना आगाऊ परवाना घेणे सक्तीचे झाले. गर्दीपासून पळालेली माणसे तिकडेही गर्दीच घेऊन जातात. दादरच्या पुलावरचा जमाव थंड हवेच्या ठिकाणी उभा केला म्हणून तो काही निसर्गाचा सहवास होत नाही.

पलायन की फिर्याद?

मग मनोराज्य हे पलायनच नव्हे काय, असा आक्षेप दोन दिशांनी येतो. कुटुंबवत्सल नीतिवादी म्हणतो, हातचे सोडून पळत्याच्या पाठीस लागू नये. आहे त्यात समाधान मानावे. समाजवादी कार्यकर्ता म्हणतो, ही स्वप्ने म्हणजे असंतोषावर दिलेली गुंगीची मात्रा आहे. स्विस सरोवरे पाहणारा कारकून युनियनच्या सभेला यायचा नाही. दोन्ही आक्षेपांत तथ्यांश आहे. परंतु दोघांनीही स्वप्नाचा मजकूर वाचलेला नाही. त्या मजकुरात राजवाडा नसतो, सोन्याची खाण नसते, शत्रूचा नाश नसतो. कोणी हाका मारणार नाही अशी एखादी जागा, घड्याळ न पाहता उठण्याची मुभा, बायकामुलांशी सावकाश चार शब्द, आणि पायी चालायला थोडा मोकळा रस्ता एवढेच बहुधा त्यात असते. ज्या समाजात माणसाला एवढ्यासाठी सात समुद्र ओलांडण्याची कल्पना करावी लागते, त्या समाजाच्या व्यवस्थेत काहीतरी कमी आहे. मनोराज्य ही त्या उणिवेची, कोणत्याही कार्यालयात दाखल न झालेली फिर्याद आहे.

ती उणीव आकड्यांतही दिसते. केंद्र सरकारच्या २०२३-२४ च्या श्रमबल पाहणीनुसार, शेतीबाहेरच्या नियमित पगारी नोकरदारांपैकी सुमारे ४७ टक्के लोकांना पगारी रजेचा हक्कच नाही. हे आकडे रोजंदारीवरील मजुरांचे नव्हेत. महिन्याच्या महिन्याला पगार घेणाऱ्यांचे आहेत. रोजंदारी करणाऱ्याला आणि हातगाडीवाल्याला तर रजा म्हणजे त्या दिवसाचा उपास. आपल्या महाविद्यालयांतून तासिका तत्त्वावर शिकविणारे शेकडो तरुण अध्यापक आहेत. एका महाविद्यालयातील तास आटोपून दुसरे गाठणाऱ्या ह्या पदव्युत्तर पदवीधरांना मे महिन्याची सुट्टी मिळते खरी, पण ती बिनपगारी असते. उन्हाळ्याची सुट्टी हा शिक्षकी पेशाचा एकमेव ऐषाराम, असे पूर्वी गमतीने म्हणत. ह्या तरुणांच्या दृष्टीने तो दोन महिन्यांचा बेकारभत्ताविरहित काळ आहे. त्यांच्यापैकी एखादा वर्गात विद्यार्थ्यांना परकीय व्यापार शिकवीत असता मनातून कॅनडात असेल आणि परत न येण्यासाठीच तेथे असेल, तर त्याला दोष कसा द्यावा? त्याच्या बाबतीत मनोराज्य आणि स्थलांतराचा अर्ज ह्यांतील अंतर फारच थोडे उरलेले असते. रजेचा विचार न करणारा समाज आपली माणसे कायमची गमावतो.

२०२० साली एक सूचक गोष्ट घडली. टाळेबंदीत प्रवास अशक्य झाला, तेव्हा केंद्र सरकारने ऑक्टोबर महिन्यात रजा प्रवास सवलतीच्या रकमेतून प्रवासाऐवजी वस्तू खरेदी करण्याची योजना जाहीर केली. अर्थव्यवस्थेत मागणी वाढावी हा तिचा हेतू समजण्यासारखा होता. पण काश्मीरच्या जागी शीतकपाट चालेल, हे गृहीतच त्यातून उघड झाले. आमचे शास्त्र आणि आमचे शासन दोघेही अवकाशाची किंमत करू शकत नाहीत, वस्तूची करू शकतात. वास्तविक आपल्या संविधानकारांना ह्या बाबतीत अधिक दृष्टी होती. अनुच्छेद ४३ मध्ये, कामगारांना निर्वाह-वेतनाबरोबरच फुरसतीचा पूर्ण उपभोग घेता येईल अशी कामाची परिस्थिती निर्माण करण्यासाठी राज्याने झटावे, असे मार्गदर्शक तत्त्व आहे. वेतन आयोग अनेक आले. फुरसतीचा आयोग मात्र कोणी मागितला नाही.

मागणीच करायची तर ती अगदी साधी करता येईल. पगारी रजा ही आस्थापनेच्या आकारावर वा नेमणुकीच्या प्रकारावर अवलंबून नसावी. कंत्राटी, तासिकेवरील आणि घरकाम करणाऱ्या माणसालाही ती मिळावी. सवलतीच्या प्रवासाचा लाभ सरकारी नोकरांपुरता न ठेवता, 'आवडेल तेथे प्रवास' सारखे एस.टी.चे पास आणि त्यांच्या जोडीला जिल्ह्याजिल्ह्यांतून स्वच्छ व स्वस्त धर्मशाळा उभ्या कराव्या. कचेऱ्यांच्या वेळा विभागून गाडीतील गर्दी हलकी करावी. ही सूचना जुनी आहे, पण जुनी म्हणून ती चुकीची ठरत नाही. आणि केंद्राच्या नगररचनाविषयक मार्गदर्शक सूत्रांत जी दरडोई दहा-बारा चौरस मीटर मोकळी जागा सांगितली आहे, तिच्या पासंगालाही न पुरणारी मुंबईची मैदाने निदान आहेत तेवढी तरी शिल्लक ठेवावी. संध्याकाळी चालायला बाग असलेल्या माणसाला नॉर्वेची आठवण थोडी कमी येते.

सोपारा दूर आहे

ह्याचा अर्थ दूरची ओढ अजिबात नाहीशी व्हावी असा नव्हे. ती नाहीशी होणेही इष्ट नाही. मात्र 'दूर' म्हणजे काय, ह्याचा एकदा विचार करण्याजोगा आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक दर्यावर्द्याने लिहिलेल्या 'पेरिप्लस' ह्या ग्रंथात आपल्या किनाऱ्यावरील बंदरांची नावे येतात. त्यांत सोपारा आहे, कल्याण आहे. अलेक्झांड्रियाच्या धक्क्यावर उभ्या असलेल्या एखाद्या मुनिमाने तेव्हा मोसमी वाऱ्यांचा अंदाज घेत ज्या अद्भुत, दूरच्या पूर्वेचे मनोराज्य केले असेल, ती पूर्व म्हणजे आजची नालासोपारा आणि कल्याण ही स्थानके. सोपाऱ्यालाच १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी ह्यांना अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला. कान्हेरीच्या लेण्यांतील कोरीव लेखांत दान देणाऱ्या सोपाऱ्याच्या आणि कल्याणच्या माणसांची नावे आजही वाचता येतात. बोरिवलीहून रोज गाडी पकडणाऱ्या माणसाच्या घरापासून ती लेणी तासाभराच्या अंतरावरही नाहीत. आणि तरीही कित्येकांनी ती शाळेच्या सहलीनंतर पुन्हा पाहिलेली नाहीत. रविवार रेशन, नळदुरुस्ती आणि झोप ह्यांत संपतो. येथेही अडचण अंतराची नाही, दिवसाची आहे.

जॉन मेनार्ड केन्स ह्यांनी १९३० साली असे भाकीत केले होते की, शंभर वर्षांत माणसाला आठवड्यातून पंधरा तासच काम करावे लागेल आणि मोकळ्या वेळेचे काय करावे हीच त्याच्यापुढील मोठी चिंता असेल. ते शतक आता भरत आले आहे. मुंबईच्या गाडीत माणूस आठवड्याला पंधरा तासांहून अधिक काळ नुसता उभा असतो. संपत्ती केन्सच्या अपेक्षेप्रमाणे वाढली, किंबहुना अधिकच वाढली. सवड मात्र तिच्याबरोबर आली नाही, कारण ती कोणी नेटाने मागितली नाही. पगारवाढीची मागणी करताना आपल्या संघटना टक्क्यांचा हिशेब अपूर्णांकापर्यंत करतात. त्याच मागणीपत्रकाच्या पहिल्या पानावर, रजेचा एकही दिवस नसलेल्या सहकाऱ्यासाठी वर्षाकाठी निदान पंधरा पगारी दिवसांचे कलम घालावे. तो त्या दिवसांत लडाखला जातो, गावी जातो की कान्हेरीच्या पायरीवर बसून राहतो, ह्याची चौकशी करण्याचा अधिकार कोणालाच नाही.